हौसराव मेस्त्रीची आठवण काढली, ती हकिकत

न्हावऱ्याच्या हौसराव मेस्त्रीला सगळ्यात गोड आवाज कुठला वाटतो, असं कुणाला विचारलं असतं तर उत्तर आलं असतं, इंजनाचा. विहिरीवरची ऑइल इंजनं दुरुस्त करण्यात त्याचा जन्म गेला होता, तेव्हा तसं वाटणं साहजिक होतं. पण खरी गोष्ट निराळी. त्याला सगळ्यात गोड वाटायचं ते स्वतःचं नाव. कुणाचं इंजन बसलं की दारात हाक यायची, "हौसराव मेस्त्री हायेत का घरात?" मेस्त्री उंबऱ्याच्या आतच पायात वहाणा घालून तयार असला तरी पहिल्या हाकेला ओ द्यायचा नाही. दुसरी यावी, तिसरी यावी, शेजारच्या जाईबाईच्या कानावर जावी, मग सावकाश बाहेर पडायचं, पान्ह्यांची पिशवी सायकलच्या कॅरेजला लावायची आणि वर म्हणायचं, "आलो असतो की. एवढं वरडायचं काय कारण?"

साऱ्या शिरूर तालुक्यात हे नाव न घेणारं तोंड एकच होतं, आणि ते त्याच्याच चुलीपुढं बसलेलं असायचं.

त्या काळी नवऱ्याचं नाव कुठलीच बाई घेत नसे, त्यात नवल नाही. पण धुरपदाची अडचण दुहेरी होती. नवरा हौसराव, म्हणून 'हौस' हा शब्दही तिला बंद झाला होता. ओठापर्यंत आला तरी ती तो गिळायची. लेकीच्या, बानूच्या, लग्नात बायका म्हणाल्या, "धुरपदा, हौसेनं मोठा चुडा भर की," तर ही म्हणाली, "भरते की, ह्यांच्या नावानं." बायका हसून लोळल्या. हौस म्हणायची वेळ आली की ती 'आवड' म्हणायची, 'मर्जी' म्हणायची, आणि फारच अडलं तर गप्प बसायची. सगळा संसार ती अशी अडत आणि गप्प बसत आली होती. हौसरावला वाटायचं, बायको समाधानी आहे.

तर मोठा दुष्काळ सरून चारेक वर्षं झाली होती, त्या साली खुटबावला तिची भावजय बाळंत झाली. धुरपदा माहेरी निघाली. हौसराव तिला नदीपर्यंत पोचवायला गेला आणि होडीत गाठोडं देता देता चार माणसांसमोर त्यानं तिची नेहमीची टिंगल केली.

"माहेरी गेलीस की नवरा जिता हाय का मेला, तुला इचारायचं सुदिक सुचत न्हाई. जरा आठवण काढत जा आमची."

"काढीन की," धुरपदा म्हणाली.

झालं ते या दोन शब्दांनी झालं.

महिनाभरानं मेस्त्री तिला आणायला खुटबावला गेला. बन्सीच्या, म्हणजे मेव्हण्याच्या, अंगणात धुरपदा बाळाची दुपटी वाळत घालत होती. हा सायकल भिंतीला टेकवून खाकरला. एरवी त्या खाकरण्यावर तिचा पदर आपोआप डोक्यावर जायचा. आज पदर गेला नाही. तिनं वळून सरळ त्याच्या तोंडाकडं बघितलं, बाजारात कोथिंबिरीची जुडी बघावी तसं.

"बसा पाव्हणं," ती म्हणाली. "बन्सी गोठ्यात हाय. कुठलं गाव तुमचं?"

हौसरावला वाटलं, रुसली. म्हणाला, "न्हावरं."

"न्हावरं? मग आमच्याच गावचं की. कुणाच्यातलं?"

"तुझ्याच घरातला. तुझ्याच चुलीपुढं जेवतो रोज."

धुरपदानं हातातलं दुपटं खाली ठेवलं आणि गोठ्याकडं तोंड करून हाक दिली. "बन्सी, जरा बाहीर ये रं. ह्यो माणूस वंगाळ बोलतोय."

बन्सी शेणाचे हात तसेच घेऊन आला आणि दोघांकडं आळीपाळीनं बघू लागला. "आक्का, अगं दाजी हायेत ते."

"कुणाचं दाजी?"

"माझं. म्हंजी तुझं मालक. हौसराव."

"हौसराव," धुरपदा म्हणाली. नवा गूळ जिभेवर ठेवून बघावा तसं पुन्हा म्हणाली, "हौसराव. नाव चांगलं हाय की."

मेस्त्रीच्या कानाच्या पाळ्या तापल्या. त्यांच्या लग्नात बायकांनी अडवून धरलं होतं तेव्हा एकदा तिनं उखाण्यात नाव घेतलं होतं, तेही असं घाईनं की शेवटचं अक्षर घशातच राहिलं. आज भर अंगणात, सरळ, पदर न सावरता. क्षणभर त्याला बरं वाटलं. मग ध्यानात आलं की गावातला कुणीही घेतो तसं हिनं ते घेतलंय.

धुरपदा मात्र विचारात पडली होती. घर तिला आठवत होतं, म्हैस आठवत होती, बानू आठवत होती, बानूचं बाळंतपण आठवत होतं. "तरीच," ती म्हणाली. "रोज एवढ्या भाकरी मी कुणासाठी थापत हुते, ह्येचा मला परवापासनं मेळच लागंना. मला वाटलं, म्हशीला घालत असंन." मग तिनं त्याच्या नाकाकडं बोट केलं. "आन् बानूला ते नाक कुठनं आलं, त्ये बी आत्ता कळलं."

"बन्सी, हिला झालंय काय?"

बन्सीनं मान खाली घातली. "दाजी, परवा ती ध्यानशाळेत गेली हुती."

आता ही ध्यानशाळा काय होती, ते सांगायला हवं. भीमेच्या काठाला बाभळीच्या बनात ती होती. शिरूरवाले म्हणायचे ती दौंडात आहे, दौंडवाले म्हणायचे शिरूरात, त्यामुळं तिच्या वाटेला कुठलाच साहेब कधी गेला नाही. तिचं पाटीवरचं नाव होतं 'स्मरण विद्यालय'. पण आपल्याकडं आठवणीत राहण्याला ध्यानात राहणं म्हणतात, म्हणून लोक तिला ध्यानशाळा म्हणत, आणि तिथं शिकणारे पांढऱ्या टोप्या घालून भुतासारखे नदीवर आले की पोरं म्हणत, ध्यानं आली. बाजारातनं मीठ आणायचं विसरू नये म्हणून बाया पदराला गाठ मारतात ना, त्याच विद्येचं तिथं पुढचं शिक्षण होतं. माणसाच्या डोक्यातली आठवण चिंधीच्या गाठीत उतरवायची, जपायची, सोडवायची, आणि वरच्या वर्गात तर कोऱ्या चिंधीतून नवी आठवण घडवायची. हे कसं करतात ते गावात कुणाला माहीत नव्हतं, पण करतात हे सगळ्यांना माहीत होतं. फाटकावर पाटी होती, 'येथे आठवणी ठेवून, काढून व करून मिळतील.' नसबंदीच्या धरपकडीचं ते साल, तेव्हा अमुक ठिकाणी काहीतरी 'काढून घेतात' एवढं कानावर आलं तरी गडीमाणसं उसात पळायची. त्यामुळं शाळेकडं जास्त करून बायकाच जात.

धुरपदा गेली ती नवऱ्याचा शब्द पाळायला. माहेरी बाळंतीण, बाळ, पाव्हणेरावळे. घटकाभर बसून नवऱ्याची आठवण काढायला फुरसत कुठली. भावजय म्हणाली, आक्का, नदीवर शाळा हाय, तिथं आठवणी काढून मिळतात. धुरपदानं दौंडला 'फोटो काढून मिळतील' अशी पाटी असलेलं दुकान बघितलं होतं. तिला वाटलं, तसंच असेल. शाळेत त्या दिवशी पुढं बसला होता तात्याबा. हा गृहस्थ म्हातारा व्हायला आला तरी तिथला विद्यार्थीच होता. 'काढणे' हा एकच वर्ग तो वर्षानुवर्षं करत होता आणि पुढं ढकलायची कुणाची हिंमत होत नव्हती. त्याच्या डोक्यात त्याच दुकानाच्या शेजारची पाटी होती, 'दात काढून मिळतील.' फोटो काढला तर माणूस जागच्या जागी राहतो. दात काढला की जागा मोकळी.

"कुणाची काढायची?" तात्याबानं विचारलं.

"ह्यांची."

"ह्यांची म्हंजी?"

"आमच्या मालकाची."

"नाव लागंल. आन् तुमच्याच तोंडनं लागंल. नावावर गाठ बसती."

धुरपदा लाजली, हसली, आणि तिनं रीतीप्रमाणं तोंडाला पदर लावून म्हटलं,

"खुटबावच्या मळ्यात उसाला आला तुरा,
हौसरावांचं नाव घेते, झाला का नेम पुरा?"

आणि 'हौसरावांचं' या शब्दावर तात्याबानं चिंधीची गाठ आवळली. नेम पुरा झाला की नाही हे विचारायला तोवर धुरपदाला कारणच उरलं नव्हतं. तात्याबानं गाठ तिच्या हातात दिली. तिला वाटलं, कुणाची तरी राहिली असेल. गाठोड्यात टाकून ती घरी आली.

हे सगळं बन्सीच्या आणि त्याच्या बायकोच्या तोंडून तुकड्यातुकड्यानं कळलं. हौसराव मेस्त्रीच्या डोक्यात निम्मं शिरलं, निम्मं बाहेर राहिलं. पण एक गोष्ट त्याला पटली. वस्तू काढलीय आणि काढलेली वस्तू हातात आहे. त्याच्या धंद्यात याला फार मोठा बिघाड म्हणत नसत. काढलंय ते बसवायचं.

"आण ती चिंधी," तो म्हणाला. "मी सायकलवर ध्यानशाळेत पुढं होतो. तू आक्काला गाडीत घालून मागनं ये."

"ह्यांच्याबरोबर जायचं व्हय?" धुरपदानं भावाला विचारलं. "माणूस बरा हाय का?"

"तसा बरा हाय," बन्सी म्हणाला. ते 'तसा' मेस्त्रीला वाटभर टोचलं.

निम्म्या वाटेवर एक लिंबाचं झाड लागतं. तिथं हौसरावनं सायकल थांबवली. चिंधी खिशातून काढली. लहानशी गाठ, सुपारीएवढी. कानाशी धरली, हलवली, वास घेतला. रॉकेलचा वास आला. कुठलंही यंत्र हातात आलं की त्याचं एखादं नट जरा ढिलं करून आत डोकावायचं, ही त्याची जन्माची खोड. त्यानं नखानं गाठ थोडी सैल केली. थोडीच. आणि वाकून बघायला गेला तेव्हा त्याचा श्वास तिच्यावर पडला.

गाठ सुटली.

पहिल्यांदा त्याला स्वतःचं घोरणं ऐकू आलं. स्वतःचं घोरणं कुणी ऐकतं का? पण ते त्याला आठवलं, वर्षानुवर्षांचं, शेजारच्या वाकळेवरून. मग सायकलची घंटी आठवली, ओट्यावर येताना वाजवलेली, आणि त्या घंटीवरून आज मेस्त्रीची स्वारी खुशीत आहे का फणफणत आहे, हे तव्यावरची भाकरी उलटता उलटता ओळखणं आठवलं. एकदा धुरपदा तापानं पडली होती तेव्हा त्यानं पिठलं केलं होतं, ती कथा तो गावभर सांगायचा, "ताट चाटून पुसून खाल्लं हो हिनं." आता त्याला ते पिठलं जिभेवर आठवलं. मीठ इतकं की डोळ्यांत पाणी येत होतं, आणि समोर एक तेलकट माणूस उकिडवा बसून आशेनं बघत होता, म्हणून घास गिळला जात होता. त्या तेलकट माणसाची त्या वेळी फार माया आली होती. हेही आठवलं.

बानूच्या लग्नात तो मांडवात उभं राहून चार शब्द बोलला होता. त्याच्या मते अख्खा मांडव गहिवरला होता. इकडून आठवलं ते एवढंच, की ह्यांनी सदरा उलटा घातलाय आणि आता कुणाला सांगावं.

आणि एक वाक्य. "हिला काय कळतंय." पाव्हण्यांसमोर, दुकानात, विहिरीवर, बानूच्या सासरच्यांपुढं. म्हणणाऱ्यानं एकही ध्यानात ठेवलं नव्हतं. ऐकणारीनं भिंतीला गोवऱ्या थापाव्यात तसं एकेक लावून ठेवलं होतं, आणि भिंत भरली होती.

मेस्त्री लिंबाखाली मटकन बसला. त्याला राग आला होता. पण कुणाचा, ते नीट कळेना. आत कुणीतरी म्हणत होतं, आमचं हे असंच. त्यानं हातातली चिंधी बघितली. ती नुसती चिंधी होती.

शाळेच्या फाटकावर तात्याबा होता.

"नाव?" तात्याबानं विचारलं.

मेस्त्रीनं तोंड उघडलं. नाव ओठापर्यंत आलं आणि एकदम अशी लाज वाटली की त्यानं खांद्यावरचा टॉवेल तोंडाला लावला.

"नाव सांगा की, पाव्हणं."

"सांगतो की. आपलं ते... न्हावऱ्याच्या मेस्त्रीचं जे हाय, तेच."

"मेस्त्रीचं काय हाय?"

"नाव."

"तेच इचारतोय. काय हाय?"

"अवं, असं उघड कसं घ्यायचं?"

तात्याबा घाबरून आत गेला आणि शाळेच्या थोरल्या बाईंना, मुक्ताबाईंना, घेऊन आला. मुक्ताबाई हाडापेरानं मोठ्या, पांढऱ्या केसांच्या, आणि त्यांच्या पदराला इतक्या गाठी होत्या की चालताना तो जमिनीवर आपटायचा. त्यांनी मेस्त्रीच्या तोंडावरचा टॉवेल बघितला, हातातली मोकळी चिंधी बघितली, आणि तात्याबाकडं असं बघितलं की तो खांबामागं गेला.

"बायकोची गाठ तुम्ही सोडलीत?"

"जरा ढिली करून बघत हुतो, बाई."

"सगळे पुरुष हेच म्हणतात. गाठ ज्याच्या श्वासावर सुटते, त्याच्यात आठवण जाते. आता तिचे तुम्ही तुमच्यात आहात. रीतीभातीसकट. म्हणून तुम्हाला तुमचं नाव घेता येत नाही."

मेस्त्रीनं हे दोनदा म्हणून बघितलं. तिचा मी माझ्यात. माझ्यात तिचा मी. दोन्ही वेळा मधेच धागा सुटला. "मग माझी बायकू?" त्यानं विचारलं. "ती घरी येणार का न्हाई?"

"ते मी कसं सांगू? परत हवी असेल तर तुमच्यातून काढून तिच्यात घालता येईल. पण दुधात पाणी पडल्यासारखं झालंय. काढताना तुमचंही थोडं येईल. आणि घ्यायची का नाही, ते ती सांगेल. तुम्ही नाही."

बाई आत गेल्या. तात्याबा खांबामागून पुढं आला आणि मेस्त्रीच्या कानाशी लागला.

"मेस्त्री, चूक माझी झाली. भरून देतो. मी वरच्या वर्गाचं थोडं चोरून शिकलोय. कोरी चिंधी हाय. नवीन आठवण करून देतो तिला. तुमी रोज लवकर घरी यायचा, कधी आवाज चढवला न्हाई, शिरूरच्या बाजारातनं तिला गजरा आणायचा, असं घालू. हवं तर दोन साड्या घालू."

हौसराव मोहात पडला. न पडला तर तो हौसराव कसला. असली आठवण एकदा बायकोच्या डोक्यात बसली की जन्माची ददात मिटली. त्यानं डोळे मिटून तो गजरा आणणारा हौसराव बघायचा प्रयत्न केला. पण आतून, बायकोच्या बाजूनं, कुणीतरी फसकन हसलं. गजरा म्हणं. मोगऱ्याचा का इंजनाच्या पट्ट्याचा? मेस्त्रीला हसू आलं, आणि मग रडू यायला लागलं, आणि त्यानं तात्याबाची चिंधी परत केली.

तोवर बन्सीची गाडी आली. धुरपदा उतरली, बाभळीच्या सावलीत बसली. मुक्ताबाईंनी बाहेर येऊन तिला सगळं समजावून सांगितलं. शेवटी तिनं विचारलं,

"म्हंजी माझी वस्तू ह्यांच्याकडं हाय."

"हो."

"त्यात काय काय हाय, त्ये तर बघू दे आदी. न बघता कोण माल घेतं?" ती मेस्त्रीकडं वळली. "सांगा हौसराव."

मेस्त्रीनं सांगायला सुरुवात केली. आधी घोरण्याचं, मग पिठल्याचं. सांगता सांगता त्याच्या तोंडातून 'मी' जाऊन 'आमचं हे' यायला लागलं. "आमचं हे म्हंजी अशी वल्ली, बाई. सदरा उलटा. आन् सांगावं तर खेकसणार." बन्सी गाडीला टेकून ऐकत होता, तो तोंड फिरवून हसायला लागला. धुरपदा मात्र शेजारणीची कथा ऐकावी तशी पुढं सरकून बसली.

"मग काय केलं तिनं?" तिनं विचारलं.

"काय करती? पिठलं खाल्लं."

"खुळी हाय बया."

"न्हाई गं, माया आली तिला," मेस्त्री म्हणाला, आणि स्वतःच चपापला.

मग भिंतीवरच्या गोवऱ्यांचं आलं. तिथं तो अडखळला, पण आतली बाई त्याला गाळू देईना. ते वाक्य त्यानं जसंच्या तसं, ठिकाणासकट सांगितलं. बन्सीनं हसणं थांबवलं.

"लई येळा म्हणायचा?" तिनं विचारलं.

"लई."

"आन् ती काय म्हणायची?"

"काय न्हाई. तिला एक... आपलं ते... काय म्हणत्यात त्याला. मर्जी हुती. आवड हुती." तो शब्द त्याच्या तोंडातून निघेना. "विहिरीवर भाकरी घेऊन यायची तवा ह्यांना इंजनाचं हँडल मारताना बघायची. तिला वाटायचं, एकदा आपण मारून बघावं. पण सांगायचं कसं? तो शब्दच ह्यांच्या नावातला."

"हौस," धुरपदा म्हणाली.

"व्हय. ती."

"हौस हुती मला हँडल मारायची?" ती स्वतःशीच विचार करत म्हणाली. "असंल. आत्ता बी हाय. पाण्यात पाय सोडून बसायची हौस हाय. दौंडला जाऊन आगगाडीत नुसतं बसायची हाय. परवापासनं काय काय हौसा सुचत्यात मला, बन्सीला इचारा." मग एकदम, "मारू द्याल का हँडल?"

"त्याला मनगटात जोर लागतो," हौसराव मेस्त्री बोलून गेला. "उलटं फिरलं तर हात मोडतो, हिला काय..."

तिथं तो थांबला. पुढचे शब्द जिभेवर होते, आणि तेच शब्द दुसऱ्या बाजूनं आत टोचले. बोलणारा आणि ऐकणारी एकाच अंगात असली की वाक्य पुरं करणं अवघड जातं.

"देतो," तो म्हणाला.

मुक्ताबाई उठल्या. "बोल धुरपदा. घ्यायची का परत?"

"परत घेतली की मला ह्यांचं नाव घेता यायचं न्हाई?"

"नाही."

"आन् हौस म्हणता यायचं न्हाई?"

"यांच्याकडं बघ की. यांना येतं का?"

धुरपदानं हौसरावकडं बघितलं. टॉवेलचं टोक तोंडात धरून तो उभा होता. त्याच्या मनात एकच होतं, ही नाही म्हणाली तर न्हावऱ्याच्या घराला कुलूप, आणि आपल्याच बायकोच्या आठवणी काढत बसायचं. म्हणजे त्या काढायच्या की ठेवायच्या, हेही आता धड कळत नव्हतं.

"राहू द्या त्यांच्यातच," धुरपदा म्हणाली. "बरं चाललंय त्यांचं. मी काय ह्या घोरण्याची आठवण घेऊन करू? घोरतील तवा ऐकीन."

हौसरावचा चेहरा पडला. मग शेवटचं वाक्य त्याच्या कानात उशिरा शिरलं. "घोरतील तवा? म्हंजी तू येतीस?"

"मग? म्हैस माझी हाय तिथं."

"पण तुला माझी वळख न्हाई, पाळख न्हाई. अशी कशी येतीस?"

"लगीन लागलं तवा तरी कुठं हुती वळख?" धुरपदा म्हणाली. "तवा आले. तवा तर कुणी माल दाखवला बी न्हवता. आज निदान तुमच्याच तोंडनं ऐकून घेतलाय."

मुक्ताबाई गाठींचा पदर आवरून आत गेल्या. तात्याबा मात्र खूश झाला. त्याला वाटलं आपली पहिली गाठ यशस्वी झाली, आणि तसं तो पुढं बरीच वर्षं सांगत होता.

बन्सी गाडी घेऊन परत गेला. हे दोघं धक्क्यावर आले. होडीवाल्यानं सायकल आडवी घातली, गाठोडं ठेवलं. धुरपदा पुढच्या फळीवर बसली आणि वहाणा काढून तिनं पाण्यात पाय सोडले.

होडी काठापासून सुटली आणि हौसराव मेस्त्रीनं मान वळवून काठाकडं बघितलं. खुटबावचा काठ मागं मागं जात होता. त्यावर एक म्हातारी उभी असल्याचं त्याला आठवलं, हात वर करून, आणि आपण हिरव्या लुगड्यात हुंदके देत फळीवर बसलोय, आणि पलीकडच्या टोकाला मुंडावळ्या बांधलेलं एक अनोळखी पोरगं पान खात बसलंय, त्याला आपल्याशी एक शब्द बोलायचं सुचत नाही. आता त्या गावात आपलं कोण? त्यानं टॉवेल डोळ्यांना लावला. हुंदका आवरेना. पस्तीस मैलांतली इंजनं खडसावून चालू करणारा गडी, भर होडीत मुसमुसून रडायला लागला.

होडीवाल्यानं बांबू हातात तसाच धरून विचारलं, "मेस्त्रीला काय झालं, वैनी?"

धुरपदानं मागं वळून बघितलं. मग ती फळीवरून उठली, होडी डगमगली तरी सरकत सरकत त्याच्या शेजारी येऊन बसली, आणि त्याच्या गुडघ्यावर हात ठेवून होडीवाल्याला म्हणाली,

"काय न्हाई. हौसराव सासरी निघाल्यात."